जरा जास्त इंडियन

‘मावशी, तू नुसतं वाच. ॲक्टिंग नको करूस,’ असं बजावून भाच्याने माझ्या हातात कागद दिले. प्रत्येक कागदावर आडवं-तिरपं, फिकट अक्षरांत त्याचंच नाव छापलेलं, म्हणजे उद्या संवाद बाहेर फुटले तर कोणी फोडले ते कळावं. इंदूरला रामबागेतल्या आमच्या जुन्या घराची वरची खोली, ऐन मे महिना, आवाज रेकॉर्ड होतो म्हणून पंखा बंद, खिडक्या बंद, भिंतीवर खिळ्यांना अडकवलेली राखाडी चादर. मोबाइल स्टँडवर आडवा लावलेला आणि त्याच्या अगदी कडेला खुर्ची टाकून मी, कारण बोलताना त्याची नजर कॅमेऱ्यात न जाता कॅमेऱ्याच्या शेजारी जायला हवी. विलायतेतल्या एका मालिकेतली बारीकशी भूमिका होती, दुकानदाराचा धाकटा भाऊ. मी व्हायचं होतं त्या दुकानात दूध घ्यायला येणारी गोरी म्हातारी. सेल्फ टेप म्हणतात याला. हल्ली ऑडिशनसाठी मुंबईलासुद्धा कोणी बोलावत नाही, लंडन तर लांबच राहिलं. आधी नाव, उंची, गाव सांगायचं, मग चेहरा डावीकडून, चेहरा उजवीकडून, मग पायापासून डोक्यापर्यंत, आणि मग सीन. पहिला टेक छान जमून आला होता, तेवढ्यात खालून कचरागाडी नंबर वनचं गाणं वाजवत आली. गाडी गल्लीच्या टोकापर्यंत जाऊन परत येईस्तोवर आम्ही दोघं घामाने निथळत मुकाट बसून राहिलो. स्वच्छतेत देशात पहिलं यायचं तर एवढं सोसायलाच हवं.

मग त्याने दुसऱ्या टेकची सूचना वाचून दाखवली. आभार-बिभार मानून अगदी गोड शब्दांत लिहिलेली मेल होती. एक टेक तुमच्या नेहमीच्या इंग्रजीत करा, आणि एक जरा जास्त इंडियन करा. हा मुलगा इंदुरात जन्मला, घरात मराठी, गल्लीत हिंदी, शाळेत इंग्रजी बोलत वाढला, आयुष्यात कधी देशाबाहेर गेला नाही. याहून जास्त इंडियन तो कुठून आणणार? थोडा वेळ चादरीसमोर नुसता उभा राहिला. मग मान किंचित हलवायला लागला, ‘ट’ आणि ‘ड’ जिभेने आपटायला लागला, वाक्याचा शेवट वर उचलायला लागला. मला हसू आवरेना, हातातले कागद हलले म्हणून टेक पुन्हा घ्यावा लागला. नंतर मोबाइलवर दोन्ही टेक लावून पाहिले तेव्हा तो काही हसला नाही. दोन्ही पाठवले. उत्तर आलं नाही. या धंद्यात उत्तर न येणं हेच उत्तर असतं, हे एव्हाना त्याला पाठ झालंय. तो विसरला, पुढच्या टेपच्या मागे लागला.

माझ्या डोक्यातून मात्र तो दुसरा टेक जाईना.

लहानपणी पुण्याला लग्नाकार्याला गेलो की जेवणं झाल्यावर मामेबहिणी मला मध्ये बसवायच्या. ‘बोल ना गं, तुमचं ते इंदुरी बोल ना.’ मीही लाडात येऊन सुरू करायची, ‘मी तर केव्हाची वाट पाहून राहिली, तुम्ही लोक येऊनच नाही राहिले.’ सगळ्या खो खो हसायच्या. त्यात दुष्टपणा काही नव्हता. त्याच बहिणी रात्री माझ्या वेण्या घालायच्या, स्वतःच्या अंथरुणात घ्यायच्या. पण त्या हसण्यानंतर मुक्काम संपेपर्यंत मी तोंड उघडायच्या आधी वाक्य मनात एकदा म्हणून बघायची. आणि गंमत म्हणजे बहिणींसमोर मी जे बोलायची ते आमच्या घरात कोणी तसं बोलायचंच नाही. त्यांना हवं होतं म्हणून मी त्याला फोडणी जास्त घालायची. आपण जसे बोलतो तसं बोलून दाखवा म्हटलं की माणूस स्वतःची नक्कल करायला लागतो. भाचा त्या चादरीसमोर तेच करत होता, आणि म्हणून मी हसत होते त्याच वेळी माझ्या पोटात कुठेतरी खुपत होतं.

त्या दिवसांत मी रात्री-रात्री ओम पुरीचे सिनेमे लावून बसायला लागले.

ओम पुरीच का, याला कारण आहे. हा माणूस पंजाबी माध्यमात शिकलेला. कोळसा वेचण्यापासून चहाच्या टपरीवर काम करण्यापर्यंत सगळं लहानपणीच करून झालेलं. राष्ट्रीय नाट्य विद्यालयात आला तेव्हा इंग्रजी बोलणाऱ्या मुलांत आपण बिचकून असायचो, हे त्यानेच पुढे मुलाखतींतून सांगितलंय. तिथून पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटला. आणि पडद्यावर पहिली मोठी भूमिका कोणती, तर ‘घाशीराम कोतवाल’मधला घाशीराम, १९७६ साली, मराठी सिनेमात! समोर नाना फडणवीस मोहन आगाशे. पुढे त्यातला घाशीराम ब्रिटिश सिनेमाचा नायक झाला आणि नाना मीरा नायरच्या ‘मिसिसिपी मसाला’त अमेरिकेतल्या गुजराती मोटेलवाल्यांत जाऊन बसला, ही आपल्या नाटकवाल्यांनी अजून पुरेशी न वापरलेली गंमत आहे. त्यानंतर तेंडुलकरांनीच लिहिलेला ‘आक्रोश’, त्यातला लहान्या भिकू. जवळजवळ सबंध सिनेमाभर तो माणूस बोलत नाही. वकील विचारतो, पोलीस विचारतात, हा बघत राहतो. मग १९८३ सालचा ‘अर्धसत्य’, सब-इन्स्पेक्टर अनंत वेलणकर. त्या भूमिकेसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि तिकडे कार्लोव्ही व्हॅरीच्या महोत्सवातही उत्कृष्ट अभिनेत्याचं पारितोषिक मिळालं. अंबाल्याचा पंजाबी माणूस, देवीच्या व्रणांचा चेहरा, आणि आपण मराठी लोक बिनतक्रार त्याला वेलणकर म्हणून मानून मोकळे झालो. त्याने कधी ‘जरा जास्त मराठी’ केलं नाही. बापाचा धाक, पोलिसाची खाकी आणि आतली चडफड एवढ्यावर त्याने वेलणकर उभा केला. तो कुठल्या गल्लीतला असेल तेही मला कळल्यासारखं वाटलं होतं.

परदेशी कॅमेऱ्यासमोर तो आला तो ‘गांधी’त. अगदी थोडा वेळ. कलकत्त्यात उपोषणावर असलेल्या गांधींच्या अंगावर भाकरी फेकून ‘खा’ म्हणणारा, मूल मारून आलेला नाहरी. त्या प्रसंगात तो इंग्रजी बोलतोय हे माझ्या कितीतरी वेळा पाहून झाल्यावर लक्षात आलं. इंग्रजी तुटकच आहे, पण धाप लागलेल्या, झोप उडालेल्या माणसाचं बोलणं कुठल्याही भाषेत तुटकच असणार. त्याने नेमकं तेवढंच धरलं. भाच्याला मी हा तुकडा दाखवला तर तो म्हणाला, ‘मावशी, याने ॲक्सेंट केलाच नाहीये.’ केला आहे, पण तो त्या माणसाच्या दमातून आलाय.

मग १९९० नंतर सुरू होते ती त्याची दुसरी नोकरी. ‘सिटी ऑफ जॉय’मधला कलकत्त्याचा रिक्षा ओढणारा हसारी पाल, १९९२. ‘माय सन द फनॅटिक’मधला परवेझ, १९९७. हा परवेझ मला फार आवडतो. उत्तर इंग्लंडात रात्रभर टॅक्सी चालवतो, घरी आला की तळघरात जाऊन व्हिस्कीचा ग्लास घेऊन जॅझच्या तबकड्या ऐकतो. बापाने एवढा खटाटोप करून विलायत आपलीशी केली आणि मुलगा कडवा धार्मिक झाला, म्हणून गोंधळून गेलेला. त्या तळघरातल्या दृश्यात ओम पुरी काही करत नाही, नुसता ऐकतो, आणि दिवसभर दुसऱ्याच्या भाषेत बोलून थकलेला माणूस गाण्यापाशी कसा येतो ते दिसतं. या सिनेमात त्याला नायिका आहे, प्रेम आहे, मोह आहे, चाळिशी उलटल्यावर एखाद्या पुरुषाला जे जे होतं ते सगळं आहे. आणि त्याच १९९७ साली आपल्याकडे तो काय करत होता? ‘चाची ४२०’मध्ये शेठच्या घरात संशयाने इकडेतिकडे डोकावणारा मुनीम. केला मजेत, नाही म्हणत नाही. पण हिशेब मांडून बघा.

१९९९ चा ‘ईस्ट इज ईस्ट’. सॅलफर्ड गाव, १९७१ साल, भारत-पाकिस्तान युद्धाच्या बातम्या कानावर येतायत, आणि चिप्सच्या दुकानाचा मालक जॉर्ज खान आपल्या इंग्रज बायकोच्या पोटी झालेल्या मुलांना पाकिस्तानी करायला निघालाय. मी हा सिनेमा पहिल्यांदा पाहिला तो सीडी लायब्ररीतून आणून, अर्धा वेळ हसत. जॉर्जचं इंग्रजी ऐकण्यासारखं आहे. व्याकरण अर्धवट, क्रियापदं कुठेही, पण शिव्या अस्सल तिथल्या. अर्धं आयुष्य त्या गावात काढलेल्या, दुकानात आणि रस्त्यावर भाषा उचललेल्या माणसाचं इंग्रजी आहे ते. चहा विचारला की तो अर्धा कप मागतो. आमच्याकडे कट मागतात तसा. बायकोसाठी भेट म्हणून न्हाव्याची खुर्ची घेऊन येतो. आपण हसतो, मग त्याच हसण्याच्या ओघात तो बायकोवर हात टाकतो आणि आपल्याला कुठे बघावं कळत नाही. मला ते दृश्य आजही नीट बघवत नाही. पण परवा पाहताना लक्षात आलं की ज्या तुटक बोलण्याला आपण आधी हसलो, तेच त्याचं दुखणं आहे. बाहेर प्रत्येक ठिकाणी हा माणूस वाक्य संपायच्या आत हरतो, आणि त्याची वसुली घरात करतो. आपण ज्याला हसलो त्याचा हिशेब ओम पुरी आपल्याकडूनच चुकता करून घेतो. कोणीतरी त्यालाही सांगितलं असेलच, साहेब, जरा जास्त पाकिस्तानी. मला वाटतं त्याने ऐकून घेतलं असेल आणि मग जॉर्जला सॅलफर्डमध्ये येऊन किती वर्षं झाली याचा विचार केला असेल.

त्या भूमिकेसाठी ब्रिटनच्या बाफ्टा पुरस्कारांत उत्कृष्ट अभिनेता म्हणून नामांकन मिळालं, सिनेमाला तर उत्कृष्ट ब्रिटिश सिनेमाचा पुरस्कारच. आणि २००० साली इंदूरच्या टॉकिजात लोक ‘हेरा फेरी’तल्या खडकसिंगला बघून खुर्च्यांत लोळत होते. आजही आमच्या गल्लीत ओम पुरी म्हटलं की खडकसिंगच. मी शेजारच्या काकांना म्हटलं, अहो, त्याच सुमारास तो तिकडे एवढी मोठी भूमिका करत होता. ते म्हणाले, ‘असेल, पण इथे जास्त मजा आणली त्याने.’ काय बोलणार! आणि खरं सांगायचं तर मलाही खडकसिंग सोडवत नाही.

तिकडेही सगळं उदार होतं असं समजायचं कारण नाही. टॅक्सीवाला, चिप्सवाला, रेस्टॉरंटवाला, झालंच तर ‘चार्ली विल्सन्स वॉर’मधला झिया-उल-हक. त्यांनी त्याला नायक केलं, पण कुठून तरी आलेला बाप म्हणूनच. अंबाल्याच्या माणसाने तिकडे कितीतरी पाकिस्तानी केले, याचंही कोणाला काही वाटलं नाही, त्यांच्या लेखी ते एकच. इकडे त्याच्या वाट्याला इन्स्पेक्टर, मुनीम आणि सरदार, तिकडे फक्त परके बाप. २००४ साली ब्रिटनने त्याला ओबीई हा मानद किताब दिला. ६ जानेवारी २०१७ ला तो गेला, आणि त्या वर्षी ऑस्करच्या समारंभात दिवंगतांच्या आठवणीत त्याचा चेहरा दाखवला. मी त्या जानेवारीत पाहिलेल्या बातम्यांत ‘अर्धसत्य’ होता, ‘हेरा फेरी’ होता, परवेझ मात्र एकाही बातमीत नव्हता. दोन देशांत काम केलेल्या माणसाचं असंच होत असावं. प्रत्येक देश आपल्या वाट्याचं तेवढं मोजतो, आणि दोन्हीकडे माणूस अर्धवेळ कामाला असल्यासारखा दिसतो.

सईद जाफरीचं उलट होतं. ओम पुरी मुंबईत राहून लंडनला जायचा, जाफरी लंडनला राहून मुंबईला यायचा. त्याचं इंग्रजी असं की ते ऐकून इंग्रजांनी आपलं तपासून घ्यावं. ‘गांधी’त सरदार पटेल, ‘माय ब्यूटिफुल लाँड्रेट’मध्ये लंडनच्या धंद्यात मुरलेला काका नासिर, आणि इकडे ‘चश्मे बद्दूर’मध्ये उधारी थकलेल्या पोरांमागे लागणारा पानवाला लल्लन मियाँ. त्या पानाच्या दुकानावर तो ज्या नजाकतीने पैसे मागतो, ती बघून लंडनचा नासिर हाच माणूस आहे हे सांगूनही पटत नाही. जाफरीला दोन्हीकडे घरच्यासारखं वाटत असावं असं दिसतं. ओम पुरी मात्र दोन्हीकडे थोडा अवघडलेला दिसतो, आणि मला तो अवघडलेपणाच जवळचा वाटतो. इंदूरच्या मराठी माणसाला हे वेगळं समजावून सांगायला नको.

तसं दोन भाषांत काम करणं आपल्याला कोणी विलायतेने शिकवलेलं नाही. प्रभातने १९३२ साली कोल्हापुरात ‘अयोध्येचा राजा’ काढला तो मराठीत आणि हिंदीतही. तारामती दोन्हीकडे दुर्गा खोटेच. पुढे १९६३ साली त्याच दुर्गाबाई आयव्हरी-मर्चंट जोडीच्या पहिल्या सिनेमात, ‘द हाउसहोल्डर’मध्ये, शशी कपूरची आई झाल्या, आणि त्याच्याही इंग्रजी आणि हिंदी अशा दोन आवृत्त्या निघाल्या. सून लीला नायडू. दिल्लीतल्या एका लहान घरात सासूबाई येऊन बसतात आणि सुनेच्या प्रत्येक गोष्टीवर नजर ठेवतात. दुर्गाबाईंना कोणी ‘जरा जास्त इंडियन करा’ म्हणायची छाती केली असेल असं मला वाटत नाही. केली असती तर त्यांनी फक्त बघितलं असतं.

भाचा म्हणतो, ते जुने दिवस होते, आता इरफानमुळे दारं उघडली. काही प्रमाणात खरंच आहे. पण दारांची गोष्ट काढली तर आसिफ कपाडियाच्या ‘द वॉरियर’ची काढावी लागते. दिग्दर्शक लंडनचा, सिनेमा ब्रिटिश, नायक इरफान, भाषा हिंदी. ब्रिटनमध्ये त्याला उत्कृष्ट ब्रिटिश सिनेमा म्हणून बाफ्टाचा पुरस्कार मिळाला. ब्रिटनतर्फे ऑस्करच्या परभाषा विभागात पाठवायची वेळ आली तेव्हा तिकडून कळवलं की हिंदी काही ब्रिटनची भाषा नव्हे, चालणार नाही. पुढे तो नियम बदलला, आणि दीपा मेहतांचा हिंदी ‘वॉटर’ कॅनडातर्फे जाऊन नामांकनापर्यंत पोचला. ब्रिटनच्या रस्त्यांवर, दुकानांत, टॅक्सीत लाखो लोक आपल्या भाषा बोलतायत, त्यांच्यावर सिनेमे निघतायत, आणि कागदावर त्या भाषा तेव्हा तिथल्या नव्हत्या. मग त्या दुकानदाराच्या धाकट्या भावाने बोलायचं कसं, हा प्रश्न मेल लिहिणाऱ्या बाईला तरी कुठून सुटणार. तिला मी दोष देत नाही. तिच्यासमोर एका दिवसात पन्नास चादरी येत असतील.

एवढं मात्र झालं की भाचा आता कुठलीही भूमिका आली की आधी विचारायला लागलाय, हा माणूस कुठला, आणि इथे येऊन याला किती वर्षं झाली. गेल्या महिन्यात मुंबईहून एका मराठी मालिकेचं बोलावणं आलं, पोस्टमनची भूमिका, काही भागांची. लूक टेस्ट झाली, सगळं पसंत पडलं, फक्त एक अट घातली त्यांनी. तुमच्या मराठीला हिंदीचा वास येतो, तो काढा. लंडनला जास्त हवं होतं, मुंबईला कमी हवंय. भाच्याने फोनवर आपला ठरलेला प्रश्न विचारला, पोस्टमन कुठल्या गावचा? पलीकडची मुलगी जरा थांबली आणि म्हणाली, ‘कुठलाच नाही, सर. नॉर्मल मराठी बोलणारा.’

आम्ही रात्री जेवताना यावर बोलत होतो. आईला हल्ली ऐकू कमी येतं, तिने अर्धंच ऐकलं. भाताचा घास थांबवून विचारते, ‘हे नॉर्मल गाव कुठे आलं रे? महूच्या पुढे का?’

भाचा गंभीरपणे म्हणाला, ‘पुढे आहे आजी. खंडव्याला गाडी बदलावी लागते.’

‘मग याच्यासोबत दोन वेळचा डबा दे गं,’ आई मला म्हणाली, आणि आमटी वाढून घेतली.